ठिपका मारलेली पुस्तकं

चिंचवडच्या आमच्या वाचनालयात कादंबऱ्या, चरित्रं, पाककृती, ज्योतिष असं सगळं उघड्या मांडणीवर असायचं. आजारांची पुस्तकं मात्र माझ्या टेबलामागच्या लोखंडी कपाटात, कुलपात. नव्या सभासदांना वाटायचं, बाईंनी चावट पुस्तकं लपवून ठेवली आहेत. एका काकांनी तर इकडंतिकडं बघून खालच्या आवाजात विचारलं, "मागच्या कपाटातलं काही मिळेल का?" मी त्यांना मूत्रपिंडाच्या विकारांवरचं पुस्तक काढून दिलं. पुन्हा त्यांनी त्या कपाटाकडे मान वळवली नाही.

कुलपाचं कारण साधं होतं. वाचनालयातून सगळ्यात जास्त नाहीशी होतात ती आजारांची पुस्तकं. पाककृतींच्या पुस्तकाला तेलाचे डाग पडतात, नटनट्यांच्या पुस्तकातले फोटो कापले जातात, आजाराचं पुस्तक मात्र आख्खं जातं. रजिस्टरात आपल्या नावापुढे कॅन्सर हा शब्द कोणालाच नको असतो. मग शर्टाच्या आत सरकवलं की झालं. रीतसर नेलेलंही पुष्कळदा परत येत नाही, कारण घरातलं माणूस गेल्यावर वाचनालयाचं पुस्तक शोधायचं भान कोणाला असतं? अशा पुस्तकांसाठी मी कधी स्मरणपत्र पाठवलं नाही. वर्षअखेरच्या मोजणीत ती 'गहाळ' दाखवायची आणि समितीची बोलणी खायची, असा माझा रिवाज होता.

तीस वर्षांत 'असाध्य' हा शब्द मी काउंटरवर एकदाही ऐकला नाही. 'दुर्धर' तर फक्त पेपरातल्या निधनवार्तेत राहतो. माणसं म्हणतात, "मोठ्या आजाराचं काही आहे का?" "गाठीचं असतं ना, ते." "हात थरथरतात त्याच्यावरचं." आणि सगळ्यात जास्त वेळा, "माझ्यासाठी नाही हो, शेजाऱ्यांना पाहिजे." माझ्या अंदाजानं चिंचवडातल्या शेजाऱ्यांइतके आजारी लोक उभ्या महाराष्ट्रात नसतील.

मी स्वतः कारखान्यातल्या कामगाराची मुलगी. वडील दर चौदा एप्रिलच्या जयंतीला पिंपरी चौकातल्या स्टॉलवरून पिशवीभर पुस्तकं आणायचे आणि पुस्तकाला पाय लागला तर आमच्या पाठीत धपाटा बसायचा. पुस्तकानं माणसाचं भलंच होतं, हे आमच्या घरात वादाच्या पलीकडचं होतं. नोकरीला लागल्यावर दुसऱ्याच वर्षी एक बाई आल्या. नवऱ्याच्या घशात गाठ होती. कॅन्सर झालेल्या एका गृहस्थांचं आत्मकथन मी मोठ्या उमेदीनं त्यांच्या हातात ठेवलं. भाषा खेळकर, माणूस जिद्दी, मी स्वतः निम्मं वाचून भारावले होते. आठ दिवसांनी बाई आल्या, पुस्तक टेबलावर ठेवलं आणि म्हणाल्या, "शेवट आधी सांगायचा होतात ना बाई." त्या पुस्तकाचं शेवटचं प्रकरण लेखकाच्या पत्नीनं लिहिलेलं होतं. मी तिथवर पोचलेच नव्हते.

त्या दिवसापासून मी नवा नेम केला. आजाराचं कुठलंही पुस्तक दाखल झालं की आधी शेवट वाचायचा. माणूस वाचला असेल तर पुस्तक कोरं. गेला असेल, किंवा हा आजार बरा होत नाही असं छापलेलं असेल, तर मागच्या पुठ्ठ्याच्या आत कोपऱ्यात पेन्सिलीचा एक बारीक ठिपका. ठिपक्याचं पुस्तक रुग्णाच्या हातात द्यायचं नाही आणि नातेवाइकांनाही तोंड बघून द्यायचं. ही पद्धत कुठल्याही अभ्यासक्रमात नाही, मी स्वतः काढलेली. तिचा मला इतका अभिमान होता की नव्या सहाय्यकांनासुद्धा मी ती सांगितली नाही. "बाईंच्या हातचं पुस्तक लागू पडतं," असं लोक म्हणायचे आणि मी आतून फुलायचे.

सगळ्यांचं समाधान करता येत नव्हतं, हेही खरं. माणच्या बाजूला आयटी कंपनीत काम करणारी एक मुलगी यायची. तिच्या आईला विस्मृती होत चालली होती. ती म्हणाली, "मॅम, असं पुस्तक द्या ज्यात आई शेवटी मुलीला ओळखते." मी मागचं कपाट पालथं घातलं. एकच मिळालं, त्यातही शेवट मोघम होता, वाचणाऱ्यानं वाटलं तर ओळखलं समजावं. ते तिनं नेलं आणि दोन महिन्यांनी परत दिलं. मी विचारलं, "आवडलं?" ती म्हणाली, "पुस्तक चांगलं आहे. नाही ओळखत." मग ती बराच वेळ मासिकं चाळत उभी राहिली.

आणि एक डायलिसिसवरचं पुस्तक होतं. त्याच्या समासात कोणीतरी निळ्या पेननं लिहिलं, 'पाणी मोजून प्यायचं हे लिहिणं सोपं आहे.' पुढच्या फेरीत खाली काळ्या पेननं उत्तर आलं, 'बर्फाचा खडा तोंडात धरा. मी धरतो.' निळ्यानं लिहिलं, 'धरला. बरं वाटलं. आपण कोण?' काळा म्हणाला, 'मंगळवार-शुक्रवारवाला.' डायलिसिसचे वार ते. पुस्तकात लिहिणं हा आमच्याकडे गुन्हा, पण मी खोडरबर उचललं नाही. पुस्तक आलं की आधी समास बघायची. दोन वर्षं त्या दोघांचं सुनेच्या स्वयंपाकापासून क्रिकेटपर्यंत सगळं बोलणं झालं. आजार दोघांचाही बरा होणारा नव्हता आणि दोघं त्याच्यासकट व्यवस्थित जगत होते. मग एकदा निळ्या पेनचा प्रश्न तसाच राहिला. पुस्तक तीन वेळा गेलं-आलं, खाली काही उमटलं नाही. निळ्या पेनचा माणूस कोण ते मला माहीत होतं, पण मी ओळख दाखवली नाही.

त्या समासांतून मी काहीतरी शिकायला हवं होतं, असं आता वाटतं. असाध्य म्हटल्यावर सगळं संपत नाही, त्याच्यानंतरही माणसाला पुष्कळ काही विचारायचं आणि करायचं असतं. पण मी ठिपके मारत राहिले. या अंकाच्या संपादकांनी मला 'तऱ्हेवाईक वाचक' असा विषय दिला होता. तो इथवर सांभाळला. आता जे सांगणार आहे त्यात तऱ्हेवाईक कोणी असेल तर मीच आहे.

आमच्या वाचनालयाची एक फिरती गाडी होती. देणगीत मिळालेली जुनी मिनीबस, आत दोन्ही बाजूंनी फळ्या ठोकलेल्या. दर गुरुवारी ती महाळुंगेला जायची, कारण इकडच्या बहुतेक कंपन्यांना गुरुवारी सुट्टी. शेखचाचा गाडी चालवायचे आणि मी आत टेबल टाकून बसायची. स्पर्धा परीक्षांची गाइडं, रहस्यकथा, पोथ्या असं सगळं जायचं. मागच्या कपाटातली काही पुस्तकंही एका बंद पेटीत बरोबर असायची. फळीला टाचलेल्या यादीत मात्र सगळ्या पुस्तकांची नावं होती, पेटीतल्यांचीसुद्धा. नियम तो नियम म्हणून ती यादी मीच टाइप केली होती.

ज्ञानोबा हा त्या गाडीचा सगळ्यात जुना वाचक. उदगीरकडचा, पस्तिशीचा, बारीक अंगाचा माणूस. महाळुंगेत पत्र्याच्या चाळीतल्या खोलीत बायको सुमन आणि धाकटा भाऊ विष्णू यांच्याबरोबर राहायचा. तो एका ओतकामाच्या कारखान्यात ठेकेदाराकडून कामाला होता. त्याचं काम मला त्यानंच समजावून सांगितलं. लोखंडाचा भाग साच्यातून निघाला की त्याला वाळू चिकटलेली असते. ती काढायला बंद खोलीत दाबाच्या हवेनं त्याच्यावर पुन्हा वाळूचाच मारा करतात. नळी धरून एक माणूस आत उभा असतो. "आत गेलं की आपला हात आपल्याला दिसत न्हाई बगा," तो म्हणायचा. तोंडाला रुमाल बांधायचा. बाहेर आल्यावर गुळाचा खडा खायचा, म्हणजे धूळ पोटात जाऊन निघून जाते, अशी तिथल्या सगळ्यांची समजूत होती.

प्रवासवर्णनं त्याच्या आवडीची. एकदा मी विचारलं, "आता मोबाईलवर सगळं दिसतं की, पुस्तक कशाला?" तर म्हणाला, "मोबाईलवर एक म्हनतो आल्याचा रस प्या, दुसरा म्हनतो पिऊ नका. पुस्तक लिवनाऱ्याचं नाव असतंय वर. त्याला खोटं बोलायची लाज वाटत आसंल." मी हसले होते.

मग त्याला खोकला लागला. क्षय म्हणून औषधं सुरू झाली, संपली, पुन्हा सुरू झाली. गाडीची तीन पायऱ्यांची शिडी चढताना तो मधल्या पायरीवर थांबायला लागला. एका गुरुवारी तो यायच्या आधी सुमन एकटीच आली. पदर तोंडाला लावून शिडीशी उभी राहिली आणि म्हणाली, "मॅडम, मोठ्या डाक्टरनं छातीचा फोटो बगितला. ह्येन्ला बाहीर बशीवलं आन् मला सांगितलं, ह्याला औषद न्हाई. ह्ये बरं हुनार न्हाई. मी त्येन्ला काईच बोलले न्हाई. त्येन्ला वाटतंय टीबीच हाय, सा म्हैन्यात बरा हुतो. त्येंचा डाक्टरवर न्हाई येवडा पुस्तकावर इस्वास हाय. तेवडं बगा."

मी विचारलं, "आणखी काय म्हणाले डॉक्टर?"

"त्येच्याफुडचं मला काई ऐकायलाच आलं न्हाई," ती म्हणाली.

मी तिचा हात हातात घेऊन सांगितलं, "काळजी करू नकोस. माझ्याकडून त्यांना काही कळणार नाही." आमच्याकडे हे काही नवीन नव्हतं. डॉक्टर रुग्णाला बाहेर बसवतात, घरच्यांना आत घेतात, आणि घरचे हसरे चेहरे करून बाहेर येतात. अशा किती घरांना मी पुस्तकं निवडून दिली होती. हे मायेनं केलेलं काम आहे, अशीच माझी समजूत होती.

पुढच्याच गुरुवारी ज्ञानोबानं फळीवरची यादी वाचली आणि एका नावावर बोट ठेवलं. कारखान्यातल्या धुळीनं होणाऱ्या आजारांवर एका डॉक्टरांनी कामगारांसाठी लिहिलेलं पातळसं पुस्तक होतं ते. "ह्ये द्या की मॅडम. आमच्या नळीवरच्या आनखी दोघान्ला टीबी निघालाय. सगळ्यान्ला कसा काय येकदम हुतो? जरा वाचून बगतो."

पुस्तक माझ्या पायाशी पेटीत होतं. दाखल झालं तेव्हा मी त्याचं शेवटचं पान वाचलं होतं. फुप्फुसात धूळ बसून झालेला हा आजार बरा होत नाही, असं त्यात स्पष्ट होतं, म्हणून मी त्याला ठिपका मारला होता. मी वर न बघता म्हणाले, "बाहेर गेलंय ते. आलं की देते."

"मंग माझा नंबर लावून ठिवा."

मी वहीत त्याचा नंबर लावला. आणि क्षयातून बरा होऊन पुढं डोंगर चढलेल्या एका माणसाचं, बिनठिपक्याचं पुस्तक त्याला दिलं. ते त्यानं दोनदा वाचलं. त्यातला व्यायाम तो खोलीत करायला लागला. दर गुरुवारी विचारायचा, "आलं का मॅडम?" आणि दर गुरुवारी मी म्हणायची, "नाही हो, अजून बाहेरच आहे." एकदा तर मी त्या न परतवणाऱ्या काल्पनिक सभासदाला दोन शिव्याही हासडल्या. ज्ञानोबा म्हणाला, "असू द्या मॅडम. त्येला बी गरज आसंल."

त्याच सुमारास त्यानं मला एक बातमी सांगितली. त्याला आता नळी धरवत नव्हती, पण ठेकेदारानं जागा राखून ठेवायचं कबूल केलं होतं, बदलीला घरचं माणूस दिलं तर. "म्हनून इष्णूला लावलाय माझ्या जाग्यावर. सा म्हैन्याचा तर प्रश्न हाय. मी बरा झालो की त्याला दुसरीकडं चिकटवतो. त्या पुस्तकातला मानूस डोंगर चढला, मला नळी धराया काय हुतंय?" मी म्हणाले, "छान झालं." विष्णू तेव्हा चोवीस वर्षांचा होता. त्याचं लग्न ठरायचं होतं.

छान झालं, हे माझे शब्द आहेत. मला ते विसरता येत नाहीत.

सहा महिन्यांचं वर्ष झालं, वर्षाचं दीड वर्ष. एका गुरुवारी भाचीच्या लग्नासाठी मी रजा घेतली. शेखचाचा एकटेच गाडी घेऊन गेले. पेटीची किल्ली त्यांच्याकडे होती आणि माझी ठिपक्यांची भानगड त्यांना माहीतच नव्हती. ज्ञानोबानं विचारलं, चाचांनी पेटी उघडून बघितली, पुस्तक समोरच होतं. "ये तो इधरच है भाई," म्हणाले आणि शिक्का मारून देऊन टाकलं.

इथं आमच्या धंद्यातली एक गोष्ट सांगायला हवी. प्रत्येक पुस्तकाच्या शेवटी एक कागदाची पट्टी चिकटवलेली असते. पुस्तक देताना परतीच्या तारखेचा शिक्का आम्ही तिच्यावर मारतो. पुस्तक किती जणांनी नेलं, कधी नेलं, सगळं त्या पट्टीवर असतं. मुरलेला वाचक पुस्तक हातात आलं की आधी ती बघतो.

पुढच्या गुरुवारी ज्ञानोबा शिडी चढलाच नाही. खाली उभा राहिला. मीच खाली उतरले. त्यानं पुस्तकाची मागची बाजू उघडून माझ्यासमोर धरली. पट्टीवर चाचांनी मारलेला एकच शिक्का होता.

"दीड वरीस तुमी म्हनलात, पुस्तक बाहीर हाय," तो म्हणाला. मधे श्वास घ्यायला थांबला. "ह्ये तर कुटंच गेलं न्हवतं."

मी म्हणाले, "ज्ञानोबा, तुम्हाला त्रास होऊ नये म्हणून..."

"मी बरा हुनार न्हाई, ह्ये मला काय पुस्तकानं सांगावं लागतंय व्हय मॅडम? मला पायऱ्या मोजता येत्यात. सुमी कोपऱ्यात बसून रडती, ती दिसती मला." त्यानं मधलं एक पान उघडलं. एका ओळीवर बोट ठेवलं. "ह्ये वाचलं का तुमी? ही धूळ काय हाय, कशात असती, कुनाच्या छातीत बसती, समदं लिवलंय. रुमालानं ती थांबत न्हाई. गुळानं न्हाई. नळी धरनाऱ्याला सगळ्यात आदी. एकदा बसली की निगत न्हाई, म्हनून बसूच द्यायची न्हाई. ह्ये इथं लिवलंय. मी ह्ये दीड वरीस मागायलोय." मग आवाज न चढवता म्हणाला, "इष्णू रोज आत जायलाय मॅडम. म्या पाठवलाय त्याला."

मी ते पान वाचलं नव्हतं. पुस्तक छत्तीस पानांचं होतं, अर्ध्या तासाचं काम. मी त्याचं शेवटचं पान वाचलं, ठिपका मारला आणि मिटून ठेवलं. आधीची पस्तीस पानं ज्यांच्यासाठी लिहिली होती ते दर गुरुवारी माझ्यासमोर रांगेत उभे राहत होते. मी काय बोलले ते आठवत नाही. रडले असेन. ज्ञानोबानं मला पाणी द्यायला चाचांना सांगितलं, एवढं आठवतं.

त्याच दुपारी त्यानं विष्णूला बोलावून आणलं आणि गाडीच्या पायरीवर बसवून ती मधली पानं मोठ्यानं वाचायला लावली. विष्णू म्हणाला, "दादा, सोडलं तर ठेकेदार परत घ्यायचा न्हाई. तुझी बी जागा जाईल." ज्ञानोबा म्हणाला, "माझी जागा कवाच गेली. तू उद्यापासून जायचं न्हाई." विष्णूनं काम सोडलं. चाकणला एका गोदामात त्याला पॅकिंगचं काम मिळालं. छातीचा फोटो काढला, तो स्वच्छ निघाला. त्या दिवशी सुमन पेढे घेऊन गाडीशी आली आणि मधुमेह लागल्यापासून मी पहिल्यांदाच साखरेचं पथ्य मोडलं.

त्या थंडीत ज्ञानोबा गेला. शेवटपर्यंत त्याला डोंगराचं पुस्तक नको होतं. मला त्यानं निरोप पाठवला होता, यादीतली पेटीतली सगळी पुस्तकं फळीवर लावा. मी लावली. पेटी मोडीत काढली, चिंचवडच्या कपाटाचं कुलूप काढलं आणि खोडरबर घेऊन बसले. एकेक ठिपका खोडताना ते पुस्तक पहिल्या पानापासून वाचलं. त्यात माझी निवृत्ती आली. जी पुस्तकं मी वीस-पंचवीस वर्षं 'वाईट शेवटाची' म्हणून दडपली होती, त्यांत कसं निजावं, काय खावं, भीती वाटली तर कोणाशी बोलावं, घरातल्या दुसऱ्यांना कसं जपावं, असलं पुष्कळ होतं. ते सगळं मी लोकांपासून लांब ठेवलं होतं, आणि वर लोकांकडून कौतुक घेतलं होतं. पुस्तकाच्या माणसानं पुस्तक अर्धं वाचावं, यापेक्षा मोठी नालायकी आमच्या धंद्यात नाही.

निवृत्तीनंतर दीडेक वर्षानं सुमनचा फोन आला. ती आता एका कंपनीच्या कँटीनमध्ये पोळ्या लाटते. विष्णूचं लग्न झालं आहे, एक मुलगी आहे. "मॅडम, इष्णूला खोकला लागलाय. फोटो काढलाय. उद्या दाखवायचाय, तुमी येता का? तुमाला विंग्रजी कळतं." काम सोडून त्याला चार वर्षं झाली होती. साधा खोकला असेल, असं मी तिला म्हणाले आणि जीभ चावली.

दवाखान्यात आम्ही तिघं आत गेलो. डॉक्टरांनी फोटो दिव्यासमोर धरला. आधी कुठं काम करत होता, किती दिवस, ते विचारलं. मग विष्णूला म्हणाले, "तुम्ही जरा बाहेर बसा. मी यांच्याशी बोलतो."

विष्णू उठला. सुमननं त्याचं मनगट धरलं. "बस," म्हणाली. मग डॉक्टरांकडे वळली. "सायेब, त्याला इथंच बसू द्या. जे हाय ते त्याच्यासमोर सांगा. आन् समदं सांगा, आर्धं नगं."

डॉक्टरांनी सांगितलं. काम सोडल्यानंतरही काही वर्षांनी हे वर येऊ शकतं. बसलेली धूळ काढता येत नाही. काय जपायचं, काय टाळायचं, कितीदा दाखवायचं, क्षयाची तपासणी का करत राहायची, ते सगळं सांगितलं, आणि कागदावर लिहूनही दिलं. विष्णूनं मधे एकदाच विचारलं, "लेकीला लागत न्हाई ना ह्ये?" डॉक्टर म्हणाले, धूळ लागत नाही, पण खोकला अंगावर काढू नका, क्षय जडला तर तो मात्र घरात पसरतो. सुमनचा हात त्याच्या मनगटावर तसाच होता. मी त्याच्याकडे बघू शकत नव्हते.

बाहेर बाकावर आम्ही बसलो. समोर लोक चिठ्ठ्या घेऊन जा-ये करत होते. डॉक्टरांचा कागद घडी करून खिशात ठेवत विष्णू म्हणाला, "मॅडम, त्ये दादाचं पुस्तक हिंदीत मिळतं का?"

"का रे?"

"माझ्या जाग्यावर आता झारखंडचा येक जन हाय. दोन लेकरं हायेत त्याला. आमच्याच चाळीत ऱ्हातो. त्याला मराठी वाचता येत न्हाई."

मी म्हणाले, "हिंदीत नाहीये ते."

"मंग आपुन लिवू," तो म्हणाला. "म्या सांगतो, तुमी लिवा. त्याची हिंदी मला येती."

माझ्या पर्समध्ये वही होती. तो हिंदीतून सांगायला लागला, मी उतरवून घ्यायला लागले. रुमाल कामाचा नाही. गूळ कामाचा नाही. पाणी मारल्याशिवाय वाळू उडवू देऊ नको. ठेकेदार ऐकत नसेल तर सगळे मिळून सांगा. छातीचा फोटो काढ. सुमन मधे मधे त्याला आठवण करून देत होती. पान भरत आलं. शेवटी तो म्हणाला, "ये बीमारी ठीक नहीं होती. इसलिए अभी बता रहा हूँ." मी ते पानाच्या तळाशी लिहायला घेतलं.

त्यानं माझ्या हातातल्या पेनवर बोट ठेवलं.

"खाली नगं मॅडम," तो म्हणाला. "दुसरं पान घ्या, आन् ह्ये पैलं लिवा."